सांकशी की बद्रुद्दीन? किल्ला कुणाचा?

पेण तालुक्यात बळवलीच्या डोक्यावर जो डोंगर उभा आहे त्याला दोन नावे आहेत. किल्ले फिरणारी मंडळी त्याला सांकशीचा किल्ला म्हणतात. पायथ्याशी पीर बद्रुद्दीन यांचा दर्गा आहे, म्हणून दुसरे नाव बद्रुद्दीनचा किल्ला. इंग्रजांनी १८८३ मध्ये कुलाबा जिल्ह्याचे गॅझेटियर छापले, त्यात ही दोन्ही नावे शेजारी शेजारी नोंदलेली आहेत. किल्ल्यावर जाणारी वाट दर्ग्याच्या मागून चढते. वरच्या बाजूला जगमातेचे ठाणे आहे. म्हणजे खाली पीर, वर देवी आणि मधे पाथरवटांनी खडकात खोदलेल्या पायऱ्या व पाण्याची टाकी. ही रचना कुणी परिषद भरवून ठरवली नाही, ती आपोआप झाली, आणि इतकी वर्षे तिची कुणाला अडचण झाली नाही.

आता अडचण होऊ लागली आहे. एका बाजूने विचारले जाते, किल्ल्याला 'खरे' नाव असताना पीराचे नाव कशाला? दुसऱ्या बाजूने आमचेच लोक म्हणतात, आपला संबंध दर्ग्याशी. उरुसाला जावे, चादर चढवावी, फातिहा पढून खाली उतरावे, त्या पडक्या दगडांशी आपल्याला काय करायचे? आम्हाला हे दोन्ही प्रश्न एकाच जातीचे वाटतात. पहिला प्रश्न मुसलमानाला इतिहासातून बाहेर काढतो आणि दुसऱ्यात मुसलमान स्वतःच उठून बाहेर जातो. पहिल्याविरुद्ध आपल्याकडे पुष्कळ लिहिले गेले. दुसऱ्याविरुद्ध फारसे नाही. म्हणून हा लेख.

आम्ही उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवतो. राहतो गडबला. गावाच्या नावात 'गड' ही अक्षरे आहेत, एवढ्यावरून पोरे विचारतात, "सर, आपला गड कुठे आहे?" प्रश्न पोरकट नाही. त्यांना लाल किल्ला ठाऊक आहे, ताजमहाल ठाऊक आहे. २०२० पासून तुर्कस्तानची ती मालिका उर्दूत आल्यावर एर्तुग्रुलच्या टोळीत कोण कुणाचा चुलता हेही तोंडपाठ झाले. पण अहमदनगरचा निजामशहा कोण, हे विचारले तर वर्गात शांतता पसरते. ज्या राज्याचा अंमल आपल्या खारेपाटावर, आपल्या बंदरांवर आणि आपल्या डोंगरांवर पिढ्यानपिढ्या चालला, त्याचे नाव आमच्या मुलांना ठाऊक नसावे आणि तेराव्या शतकातल्या अनातोलियातले तंबू ओळखीचे असावेत, याला आम्ही इस्लामी संस्कार म्हणत नाही. हे बेघरपणाचे शिक्षण आहे.

तर सांकशीचा इतिहास काय आहे? आख्यायिका अशी की सांक नावाच्या राजाने हा किल्ला बांधला, कर्नाळ्याच्या राजाशी झालेल्या लढाईत तो पडला आणि त्याच्या मुलीने, जगमातेने, कड्यावरून उडी घेतली. आख्यायिका ही आख्यायिका म्हणून सांगावी, आम्ही वर्गात तशीच सांगतो, मुली ती डोळे मोठे करून ऐकतात. कागदावरचा इतिहास सोळाव्या शतकात सापडतो आणि तो अतिशय बोचरा आहे.

त्या वेळी सांकशी आणि कर्नाळा हे दोन्ही किल्ले अहमदनगरच्या निजामशहाकडे होते. पनवेल, पेण, नागोठणे या खाड्यांतून घाटाकडे जाणारा माल यांच्या नजरेखालून जाई. १५४० मध्ये गुजरातच्या सुलतानाच्या फौजेने हे दोन्ही किल्ले घेतले. बुऱ्हाण निजामशहाने मग कुणाला हाक मारली? वसईच्या पोर्तुगीजांना! वसईचा कप्तान फ्रान्सिस्को द मेनेझिस तीनशे गोरे शिपाई आणि सोबत देशी फौज घेऊन आला. (हल्ली मुंबईहून गडबला येताना महामार्गावर जो वेळ जातो तो पाहता, कप्तानसाहेब फारच तत्पर म्हटले पाहिजेत.) किल्ले घेतले गेले, निजामशहाला परत दिले गेले. गुजरातची फौज पुन्हा चालून आली, तेव्हा निजामशहाने ते पोर्तुगीजांच्याच हवाली करून टाकले. पुढे पोर्तुगीजांच्या लक्षात आले की हे डोंगर राखण्यात मिळकतीपेक्षा खर्च जास्त आहे. शिवाय निजामशहाची मैत्रीही हवी होती. तेव्हा वर्षाला ५,००० सोन्याचे परदाव देण्याच्या बोलीवर किल्ले निजामशहाला परत मिळाले. गॅझेटियरने याचा हिशेब साडेसतरा हजार रुपये असा मांडला आहे.

आता या हकिकतीतल्या तारखांकडे बघा. २३ डिसेंबर १५३४ रोजी गुजरातच्या बहादूरशहाने मोगलांच्या भीतीने वसई पोर्तुगीजांना तहात देऊन टाकली. १५३७ मध्ये दीवच्या समुद्रात याच पोर्तुगीजांच्या हातून बहादूरशहा मारला गेला. आणि त्यानंतर अवघ्या तीन वर्षांत शेजारचा सुलतान त्याच पोर्तुगीजांना गुजरातविरुद्ध बोलावून आणतो. एक सुलतान त्यांनी मारला हे पाहिल्यावरसुद्धा! दोन्हीकडे कलमा पढणारे होते आणि मधे तिसऱ्याला पंच नेमले गेले. पंचाने फी घेतली.

'मुसलमानांचे राज्य' या दोन शब्दांत सगळी दख्खन बसवणाऱ्या दोन्ही प्रकारच्या लोकांना आमचा सवाल आहे की सांकशीच्या तटावर १५४० साली कोण कुणाचा होता? जे म्हणतात की सुलतान म्हणजे एकजात परकी जुलमी टोळी, त्यांनी हे ध्यानात घ्यावे की निजामशाहीच्या संस्थापकाचा बाप मलिक हसन जन्माने ब्राह्मणाचा मुलगा होता, हे फिरिश्ताने लिहून ठेवले आहे. आणि जे आमचे वक्ते मिलादच्या जलशात 'आपल्या हुकूमतीच्या' आठवणीने गहिवरतात, त्यांनी हे सांगावे की ते ५,००० परदाव कुणाच्या खिशातून गेले. सुलतान काही भात लावायला चिखलात उतरत नव्हता. त्याच्या खजिन्यात जे पडे ते भातावरच्या साऱ्यातून, मिठागरातून आणि बंदरावरच्या जकातीतून. खारेपाटातला आगरी, बंदरावरचा कोळी आणि नाखवा-खलाशी मुसलमान, सगळ्यांच्या घामाचा त्यात वाटा होता. हुकूमत 'आपली' असेल, पण भरणा आपल्या पूर्वजांचा होता.

यावर कुणी टाळी वाजवून म्हणेल, बघा, मुसलमान राजांनीच परक्यांना घरात घेतले. जरा थांबावे. ज्या वसईत १५३४ चा तह झाला त्याच वसईत ३१ डिसेंबर १८०२ रोजी दुसऱ्या बाजीरावाने इंग्रजांशी तह करून आपले राज्य त्यांच्या तैनातीखाली नेले. त्याआधी राघोबादादांनी १७७५ मध्ये सुरतेला हेच केले होते. आणि आपल्या कुलाबा जिल्ह्यापुरते बोलायचे तर, आंग्र्यांचे आरमार कुणी बुडवले? नानासाहेब पेशव्यांनी इंग्रजांना बरोबर घेऊन १७५५ मध्ये सुवर्णदुर्ग आणि १७५६ मध्ये विजयदुर्ग पाडला. आंग्रे मराठे, पेशवे मराठी राज्याचे प्रधान, आणि मधे इंग्रज. अहमदनगरच्या मियाँ मंजूने १५९५ मध्ये घरच्या भांडणात अकबराच्या शहजाद्याला बोलावले तेव्हाही हेच घडले. ही खोड धर्म पाहून लागत नाही. गादी पाहून लागते.

या सगळ्या प्रकरणात कोकणाने काय भोगले हे पाहायचे असेल तर सांकशीवरून उतरून कोर्लईला जावे. रोह्याची कुंडलिका जिथे समुद्राला मिळते तिथे उत्तरेला रेवदंडा आणि दक्षिणेला समुद्रात घुसलेली कोर्लईची लांब टेकडी आहे. चौलजवळ पोर्तुगीजांना वखार घालायला १५२१ मध्ये परवानगी दिली ती पहिल्या बुऱ्हाण निजामशहानेच. पन्नास वर्षांत डोळे उघडले. १५७०-७१ मध्ये आदिलशहाने गोव्याला आणि मुर्तजा निजामशहाने चौलला वेढा घातला. दक्षिणेत कालिकतचा सामुरी त्यांच्या जोडीला होता. दोन मुसलमान सुलतान आणि एक हिंदू राजा एका शत्रूविरुद्ध उभे राहिले, ही घटना शाळेच्या पुस्तकात अर्ध्या पानाची तरी धनी व्हायला हवी होती. मलबारच्या शेख जैनुद्दीन मखदूम यांनी पोर्तुगीजांविरुद्धच्या झगड्यावर 'तुहफतुल मुजाहिदीन' हा अरबी ग्रंथ लिहिला. तो त्यांनी अर्पण केला विजापूरच्या अली आदिलशहाला, पण त्यात सामुरीच्या बाजूने लढणे हे मुसलमानांचे कर्तव्य म्हणून सांगितले आहे. आजच्या टीव्हीवरच्या वादपटूंना, इकडच्या आणि तिकडच्याही, हे वाक्य पचणार नाही.

तो वेढा फसला. मग दुसऱ्या बुऱ्हाण निजामशहाने कोर्लईच्या टेकडीवर तटबंदी घालून रेवदंड्याचे पोर्तुगीज ठाणे तोफेच्या माऱ्याखाली आणले. १५९४ मध्ये पोर्तुगीजांनी वसई आणि साष्टीहून कुमक आणून टेकडीवर हल्ला केला. तटाच्या दारात एक जखमी हत्ती आडवा पडला आणि दार लावता येईना, अशी हकिकत सांगतात. आत जी कत्तल झाली तीत हजारो माणसे गेली. निजामशाही सरदार फरहादखान बायकोमुलीसह पकडला गेला. पोर्तुगीजांनी बाहेरचा कोट पाडला, वरचा भाग राखला, पुढे तो वाढवला. पुढच्या शतकात संभाजी महाराजांच्या फौजांनी चौलवर धडक मारली तरी ठाणे पडले नाही. शेवटी वसईच्या मोहिमेत १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी सुभानराव माणकरांना इकडे पाठवले आणि १७४० च्या तहाने चौल व कोर्लई मराठ्यांकडे आले. बुरुजांना पोर्तुगीजांनी ख्रिस्ती संतांची नावे दिली होती. ती जाऊन गणेश बुरूज वगैरे नावे आली. १८१८ मध्ये तेही गेले आणि इंग्रज आले.

फरहादखान हे नाव आमच्या किती शाळांत उच्चारले जाते? तो काही संत नव्हता, पण युरोपच्या आरमाराविरुद्ध आपल्या किनाऱ्यावर लढताना तो पकडला गेला. त्याच्या बाजूचे कितीतरी दख्खनी शिपाई पडले, त्यांत मुसलमान होते तसे मराठे होते. १८५७ पासून स्वातंत्र्यलढा मोजण्याची सवय लागल्यामुळे आपण हे सव्वातीनशे वर्षांचे प्रकरण हिशेबातच धरत नाही. उत्तर हिंदुस्थानात इंग्रज प्लासीनंतर आला असेल. कोकणात फिरंगी त्याच्या अडीचशे वर्षे आधी आला होता.

कोर्लईच्या पायथ्याचे ख्रिस्ती लोक आजही घरात पोर्तुगीजमधून उपजलेली आपली स्वतंत्र बोली बोलतात. तिला ते 'नौ लिंग', म्हणजे आमची भाषा, म्हणतात. किल्ला गेला, राज्य गेले, पाद्री बदलले. हजारभर गरीब माणसांनी पावणेतीनशे वर्षांहून अधिक काळ आपली जबान राखली. परदेशातून पंडित येऊन तिच्यावर ग्रंथ लिहितात. आणि आपली कोकणी? आई-दादीच्या तोंडची, मराठीच्या अंगाखांद्यावर वाढलेली, अरबी-फारसी शब्द घोळवणारी कोकणी मुसलमानी बोली? तिला 'गावंढळ' म्हणून शाळेच्या दारात चप्पल काढावी तशी काढून ठेवायला लावतात. मुलगा वर्गात कोकणीत बोलला की हसणारे शिक्षक आम्ही पाहिले आहेत. लखनौची उर्दू यावी म्हणून पेणची जबान कापायची हा कुठला न्याय? आम्ही उर्दूवरच पोट भरतो, उर्दूवर आमचे प्रेम आहे, म्हणूनच हे बोलण्याचा हक्क आम्हाला आहे.

आता किल्ल्यांवरच्या अतिक्रमणाकडे वळू, कारण खरा पेच तिथे आहे आणि तो टाळून चालणार नाही. नोव्हेंबर २०२२ मध्ये प्रतापगडाच्या पायथ्याशी अफझलखानाच्या कबरीभोवतीचे बांधकाम पाडले गेले. १४ जुलै २०२४ रोजी विशाळगडाच्या निमित्ताने गजापूरमध्ये जमावाने मशिदीची आणि ज्यांचा गडाशी काही संबंध नव्हता अशा लोकांच्या घरांची मोडतोड केली. जानेवारी २०२५ मध्ये राज्य सरकारने किल्ल्यांवरची अतिक्रमणे काढण्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली समित्या नेमल्या. त्याच वर्षी जुलैत बारा मराठा किल्ले युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेले. त्यांत आपल्या जिल्ह्यातले रायगड आणि खांदेरी आहेत. आम्हाला याचा आनंद आहे, आणि हा आनंद कुणाच्या प्रमाणपत्रासाठी आम्ही सांगत नाही.

आमची भूमिका साधी आहे. किल्ल्याच्या अंगावर गेल्या तीस-चाळीस वर्षांत उभी राहिलेली सिमेंटची खोली, टपरी, लॉज, शेड हे अतिक्रमणच. मग ते दर्ग्याच्या नावाने असो, देवळाच्या नावाने असो की पर्यटनाच्या नावाने. त्याच्या बचावासाठी शरियत किंवा संविधान यांपैकी कशालाही कामाला लावू नये. पण जुनी मजार, जुनी मशीद, हौद, फारसी शिलालेख हे किल्ल्यावरचे अतिक्रमण नव्हे, तो किल्लाच आहे. तो काढला तर तट अर्धा पडला असे समजावे. हा फरक करायला दोन गोष्टी लागतात. अधिकाऱ्याकडे पुरातत्त्वाचे ज्ञान आणि आपल्याकडे कागद. पहिली मागावी लागेल. दुसरी कुठे आहे? आपल्या किती दर्ग्यांच्या विश्वस्तांनी जुन्या सनदा, इनामाचे कागद, गॅझेटियरमधल्या नोंदी एका फायलीत लावून ठेवल्या आहेत? उरुसाच्या कव्वालीला वर्गणी जमते, कागदपत्रांच्या झेरॉक्सला जमत नाही. वर जुन्या दगडी मजारीला बाथरूमच्या फरशा आणि हिरवा ऑइलपेंट फासून आपणच तिचे वय पुसून टाकतो, आणि मग ती पाचशे वर्षांची आहे हे सिद्ध करायला वकील शोधतो.

दुसरी एक सवय आम्हाला खटकते, ती जरा स्पष्ट बोलतो. कुठेही किल्ल्यांचा विषय निघाला की आपले विचारवंत खिशातून यादी काढतात. शिवाजी महाराजांच्या आरमारात दौलतखान होता, फौजेत इब्राहिमखान होता, नूरखान बेग होता. यादी खरी आहे. पण ती वाचताना आवाज असा असतो, जणू कोर्टात जामीन मागतो आहोत. ज्या माणसाचा बाप, आजा, पणजा याच खाडीत मेला त्याने आपले नागरिकत्व सरदारांच्या यादीवर का सिद्ध करावे? समजा महाराजांच्या फौजेत एकही मुसलमान नसता, तर आम्ही बळवलीचा डोंगर चढायचा नाही काय? १९९० मध्ये सोलापूरला पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले ते आपण याच मातीतले आहोत हे ठामपणे सांगण्यासाठी. त्याला तीन दशके उलटून गेली तरी आपण अजून यादीच वाचतो आहोत.

बालभारतीचे चौथीचे शिवचरित्र उर्दू माध्यमातली मुलेही शिकतात, उर्दूतून शिकतात, आणि चांगले गुण मिळवतात. त्याला आमची हरकत नाही. हरकत पुढच्या रिकामेपणाला आहे. पुस्तकात जे नाही ते परिसर देतो, असे बी.एड.ला आम्हाला शिकवले गेले. परिसर म्हणजे झाडांची पाने वहीत चिकटवणे नव्हे. 'बुरहान-ए-मआसिर' आणि फिरिश्ताचा ग्रंथ फारसीत आहेत, त्यांचे उर्दू वाचणाऱ्याला निम्मे शब्द ओळखीचे वाटतील. तरी फारसी साधने मराठीत आणण्याचे डोंगराएवढे काम केले ते सेतुमाधवराव पगडींनी. त्यांच्यानंतर हे काम पुढे न्यायला उर्दू शाळांतून किती पोरे निघाली? जी लिपी आपल्याला लहानपणी फुकट मिळते ती फक्त लग्नाच्या पत्रिका वाचायला वापरायची काय?

म्हणून या जिल्ह्यातल्या उर्दू शाळांच्या शिक्षकांना आणि व्यवस्थापनांना आमचे सांगणे आहे. वर्षाची एक सहल वॉटर पार्कला जाऊ द्या, पोरांचा तो हक्क आहे. दुसरी सांकशीला न्या, तिसरी कोर्लईला. पलीकडच्या मराठी शाळेला बरोबर घ्या. दर्ग्यावर मराठी शाळेची मुले डोके टेकवतील, जगमातेच्या ठाण्यापाशी आमची मुले तिची गोष्ट ऐकतील, यात कुणाचा ईमान जात नाही. पायथ्याला एक फलक लागावा, त्यावर सांकशी आणि बद्रुद्दीन ही दोन्ही नावे असावीत, मराठीत आणि उर्दूत, आणि १५४० ची हकिकत कुणालाही न झाकता लिहिलेली असावी. निजामशहाने फिरंग्यांना बोलावले, हेही त्यात असावे. फलकाचा खर्च ग्रामपंचायत, दर्ग्याचे विश्वस्त आणि दुर्गप्रेमी मंडळे मिळून करू शकतात. न केला तर दोन शाळांतले शिक्षक मिळून करतील, एवढा पगार सरकार अजून देते.

जायचे तर डिसेंबर ते फेब्रुवारी बरे. पावसात खडकातल्या पायऱ्या शेवाळतात आणि उन्हाळ्यात डोंगर तापतो. पाणी खालून न्यावे. आठवीच्या खालची मुले वरच्या टप्प्यापर्यंत नेऊ नयेत, त्यांना दर्ग्यापाशीच बसवून गोष्ट सांगावी. आणि गणिताच्या शिक्षकाला सोबत घ्यावे. ५,००० परदाव म्हणजे किती खंडी भात, हा हिशेब पोरे वर बसून करतील.